पालखी आधी कुणाच्या अंगणात?

वाचकाचं पत्र

नमस्कार,

माझं सासर रत्नागिरी जिल्ह्यातलं, आम्ही राहतो डोंबिवलीला. गावात आमच्या भावकीची दोन मोठी घरं आहेत, वरचं घर आणि खालचं घर. आम्ही वरचे. माझे सासरे तात्या आणि खालच्या घरातले त्यांचे चुलतभाऊ अण्णा, दोघांनीही सत्तरी ओलांडली आहे. चाळीसेक वर्षांपूर्वी शिमग्यात घरोघरी फिरणारी ग्रामदेवतेची पालखी रिवाजाप्रमाणे आधी आमच्याकडे यायची होती. घाटीच्या पायथ्याशी पेट्रोमॅक्सची बत्ती विझली. अंधारात वर चढता येईना, म्हणून पालखी खालच्या घरात शिरली आणि अण्णांच्या आईनं पहिली ओटी भरली. तात्या आजही म्हणतात, "बत्तीतली हवा कोनी काढलान ता आमाला ठाव हाय." अण्णांचं म्हणणं, रॉकेल आणायचं काम वरच्या घराकडे होतं आणि त्यांनी बाटली अर्धीच आणली.

तेव्हापासून काही ना काही चालूच आहे. आमचं तांब्याचं मोठं तपेलं त्यांनी लग्नाला नेलं, ते पोचा पडून परत आलं. आमच्या नणंदेच्या लग्नपत्रिकेत अण्णांचं नाव निमंत्रकांमध्ये सगळ्यात खाली छापलं गेलं. शिमग्यात पालखी खालच्या अंगणात किती वेळ नाचते ते तात्या ओट्यावरून घड्याळ लावून बघतात आणि वहीत लिहितात. एका वर्षी आम्ही 51 नारळांचं तोरण लावलं, तर पुढच्या वर्षी त्यांनी 101 चं लावलं. मग आम्ही बेंजो, म्हणजे वाजंत्र्यांचा ताफा, आणला. त्यांनीही आणला. दोन्ही घरांचे कर्णे एकमेकांच्या दिशेनं होते आणि गुरवांचं गाऱ्हाणं कुणालाच ऐकू आलं नाही.

यंदा मात्र तात्यांनी ठरवलं आहे की गावकीच्या बैठकीत ठराव मांडायचा: खालच्या घरानं देवापुढे नारळ-विडा ठेवून चूक कबूल करेपर्यंत पालखी त्यांच्या अंगणात थांबवू नये. चार घरांनी त्यांना पाठिंबाही दिला आहे. आम्हाला हुकूम आहे की पालखी तिथे असताना कुणी त्या अंगणात पाय ठेवायचा नाही. माझी चुलतजाऊ माझी जिवाभावाची मैत्रीण आहे, आम्ही एकाच गाडीनं गावी जातो. माझा मुलगा आणि तिचा मुलगा पालखीला एकत्र खांदा देतात. माझे यजमान म्हणतात, "तू मध्ये पडू नकोस, यंदा आपण जायलाच नको." मी काय करू?

– एक सून, डोंबिवली

उत्तर

ताई,

पत्राच्या शेवटाकडे तुम्ही ठरावाचं लिहिलं आहे, त्याचं उत्तर आधी देते. तो ठराव गावकीपुढे जाता कामा नये. बत्ती, तपेलं, पत्रिका, तोरणं ही दोन भावांची भांडणं आहेत, ती त्यांच्यात राहू शकतात. एका घराला वगळून पालखी पुढे नेणं हे त्यातलं नाही. त्या घरात नवस बोललेली सून असते, वर्षभर वाट पाहणारी म्हातारी असते, मुंबईहून रात्रभर उभ्यानं प्रवास करून आलेली पोरं असतात. अण्णांवरचा राग त्या सगळ्यांवर काढायचा हे मला मुळीच पटत नाही.

कायद्यालाही ते पटत नाही. महाराष्ट्रात सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा आहे. विधिमंडळानं तो 2016 साली मंजूर केला आणि जुलै 2017 पासून तो लागू आहे. माणसांना वाळीत टाकल्याची जी प्रकरणं तेव्हा पुढे आली, त्यांत आपल्या शेजारच्या रायगडातली बरीच होती. एखाद्याला धार्मिक विधीत, उत्सवात किंवा मिरवणुकीत भाग घेण्यापासून अडवणं हा त्या कायद्यानं गुन्हा आहे. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. चिथावणी देणारा आणि मदत करणाराही त्यातून सुटत नाही. म्हणजे तात्यांच्या बाजूनं मान डोलावलेली ती चार घरंही अडचणीत येऊ शकतात, आणि त्यांना याची बहुधा कल्पनाच नसेल.

हे तुम्ही तात्यांना सांगू नका. सुनेच्या तोंडून कलमं ऐकली की ते धमकी समजतील आणि हट्टाला पेटतील. गावच्या पोलीस पाटलांनी त्या चार घरांना सहज बोलता बोलता सांगावं. पाठिंबा गळला की ठराव बैठकीपर्यंत पोचणारच नाही, आणि चारचौघांत तात्यांची मान खाली जाण्याची वेळही येणार नाही. त्यांचा अपमान न होता हे थांबायला हवं. एका जुन्या अपमानावरच तर चाळीस वर्षं गेली आहेत.

कुणी कोर्टात जायची भाषा काढली तर तीही तिथेच मिटवा. मंदिरातला पहिला मान कुणाचा यावरचं तमिळनाडूतलं एक भांडण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं होतं. 1961 साली न्यायालयानं स्पष्ट केलं की एखाद्या पदाशी न जोडलेला नुसता धार्मिक मान हा दिवाणी दाव्याचा विषय होत नाही. दोन्ही घरांची आंब्याची कमाई वकिलाकडे जाईल आणि पालखी आधी कुठे, हा प्रश्न जिथल्या तिथे राहील.

आता मूळ दुखण्याकडे येते. शिमग्यातल्या प्रत्येक मानाला पूर्वी एक काम बांधलेलं असायचं. होळीचं झाड कुणी निवडायचं, त्यावर पहिली कुऱ्हाड कुणी घालायची, निशाण कुणी धरायचं, अब्दागीर कुणाकडे, ढोल कुणाचा, मशालीला तेल कुणी पुरवायचं. ज्याचं काम मोठं, त्याच्या दारात पालखी आधी. खोतीच्या, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या वतनदार खोतांच्या, काळात या क्रमाला जमिनीच्या मालकीचाही आधार होता. 1949 च्या कायद्यानं खोती गेली, सात-बारा बदलले, पण मानपानाची उतरंड अनेक गावांत तशीच राहिली, कारण ती कुठल्या दप्तरात नव्हती, माणसांच्या डोक्यात होती. मग घरातली कर्ती माणसं मुंबईला गेली. गिरणीतून चार दिवसांची रजा काढून येणारा चाकरमानी झाड तोडायला आणि तेल वाहायला कधी पोचणार? कामं गावात राहिलेल्यांवर पडली, पुढे काही मजुरी देऊन करून घेतली गेली. मुंबईकराच्या हाती फक्त क्रम उरला, म्हणून तो क्रमाला इतका घट्ट धरून असतो. तुमच्याच घरात बघा. बेंजोचे पैसे डोंबिवलीहून जातात. सहाण, म्हणजे पालखी बसते ती जागा, सारवायला वरच्या घरातलं कोण जातं?

म्हणून माझी पहिली सूचना तुमच्या मुलासाठी आहे. त्यानं यंदा दोन दिवस आधी गावी जावं आणि वरच्या घराकडे पूर्वी जे काम होतं ते अंगावर घ्यावं. कोणतं काम, हे तात्यांनाच विचारायचं. बत्तीच्या रात्रीबद्दल त्यांना कुणीही विचारलं तर ते तासभर बोलतात, पण होळीचं झाड कुठल्या राईतून यायचं, कोण कुठे खांदा बदलायचा, पालखीत देवाची रूपं (मुखवटे) लावताना कोण जवळ उभं राहायचं, हे त्यांना कुणी शेवटचं कधी विचारलं होतं? नातवानं विचारावं आणि वहीत लिहून घ्यावं. त्या वहीत आज फक्त खालच्या अंगणातली मिनिटं आहेत. तुमच्या गावच्या शिमग्याची खरी माहिती त्यांच्या डोक्यात आहे आणि ती त्यांच्याबरोबर जाऊ द्यायची नसेल तर हीच वेळ आहे.

दुसरी गोष्ट, दोघांची तक्रार एकच नाही. तुमचं पत्र मी पुन्हा पुन्हा वाचलं तेव्हा हे लक्षात आलं. तात्यांना बोचतं ते हे की रिवाजानं आपल्याकडे यायची पालखी सगळ्या गावासमोर दुसरीकडे वळली आणि दुसऱ्या दिवशी घाटी चढून "तात्यांनू, काल राहून गेलं" एवढं म्हणायला कुणी आलं नाही. अण्णांचं दुखणं त्यांच्या आईचं आहे. त्या बाईनं अंधारात दारात आलेल्या देवाची ओटी भरली. तात्या दरवर्षी बत्तीची कथा सांगतात तेव्हा अण्णांना ऐकू येतं की आपल्या आईनं ती ओटी चोरून भरली. त्या माऊलीच्या मागे तिच्या भक्तीवर दरवर्षी असा शिंतोडा उडत असेल तर अण्णा 101 नारळ का बांधतात ते मला कळतं.

त्यामुळे माफी कुणी मागायची हा प्रश्न बाजूला ठेवा. दोन वाक्यं हवी आहेत आणि ती दोन वेगवेगळ्या माणसांनी म्हणायची आहेत. गावकीतल्या एखाद्या जाणत्यानं तात्यांच्या ओट्यावर बसून म्हणावं, "त्या वर्षी तुमचा मान राहून गेला, गावानं दुसऱ्या दिवशी यायला हवं होतं." आणि वरच्या घरातल्या कुणीतरी, शक्य तर तुमच्या सासूबाईंनी, अण्णांच्या घरी म्हणावं, "तुमच्या आईनं भरलेली ओटी देवाला पावली, त्यात काही वावगं नव्हतं." सासूबाईंचं तुम्ही काहीच लिहिलेलं नाही. अशा घरांत बायकांचं येणं-जाणं, वाटीभर सोलकढी आणि कोकमं इकडून तिकडे देणं पुरुषांच्या नकळत चालू असतं. तुमच्याकडेही असेल तर वाट तिथूनच निघेल.

बत्ती खरंच कुणी विझवली याचा शोध मात्र घेऊ नका. पेट्रोमॅक्स हवेच्या दाबावर चालायची. रॉकेल जळत जाई तसा दाब उतरे आणि मध्येमध्ये पंप मारावा लागे. एकदा पेटलेला मेंटल म्हणजे नुसती राख, हिसका बसला की तुटायचा. धावत्या पालखीपुढे डोंगरवाटेवर ती बत्ती कुणाचाही हात न लागता विझू शकते. हे तुम्हाला मनाशी ठाऊक असलं की पुरे. तात्यांना आणि अण्णांना ते समजावून सांगायला गेलात तर दोघंही तुमच्यावर तुटून पडतील, कारण इतक्या वर्षांचं भांडण एका मेंटलवर घालवायला कुणाला आवडेल?

यंदा पालखी आधी कुठे, याचं उत्तर मात्र आधीच ठरायला हवं, नाहीतर घाटीच्या पायथ्याशी पुन्हा ओढाताण होईल आणि खांद्यावर तुमची दोन्ही मुलं असतील. आपल्याकडे यासाठी वाट आहे. गुरवांकरवी देवाला कौल लावा. घरातल्या पूजेच्या पाळ्या भावाभावांत ठरतात तशी पालखीच्या सुरुवातीचीही पाळी ठरू शकते: एका वर्षी सुरुवात वरून, पुढच्या वर्षी खालून. पहिलं वर्ष कुणाचं, एवढंच देवाला विचारायचं. प्रश्न काय विचारायचा हे दोन्ही घरांनी गुरवांसमोर आधी कबूल करावं, कारण तात्या तिथे उभे राहून बत्तीचाही कौल मागतील असं मला वाटतं, आणि तो मागू द्यायचा नाही. कौल मिळाला की गावकीच्या वहीत लिहून दोघांच्या सह्या घ्याव्यात. ज्या घराची त्या वर्षी सुरुवात नाही त्याच्याकडे दुसरं काही ठळक असावं. पालखी सहाणेवर परत जाण्याआधीचा शेवटचा थांबा त्यांचा ठेवता येईल. रात्रभर नाचून दमलेली पोरं तिथे टेकतात, चहा होतो, काळ्या वाटाण्याची उसळ आणि वडे होतात, आणि पालखी तिथून लवकर हलत नाही. मिनिटं मोजणाऱ्याला तर हा थांबा पहिल्यापेक्षाही आवडेल.

हे सगळं तुम्ही मांडायचं नाही. मांडायला गुरव आहेत, गावातली तंटामुक्त समिती जागी असेल तर ती आहे, आणि मुख्य म्हणजे तुमचे यजमान आहेत. त्यांच्याबद्दल स्पष्ट लिहिते. "यंदा जायलाच नको" हा सल्ला मला बिलकूल आवडला नाही. वडील त्यांचे, काका त्यांचे, गाव त्यांचं, आणि आज्ञा पाळायची किंवा मोडायची तुम्ही? त्यांनी माघातच एकट्यानं गावी जावं, वडिलांजवळ दोन दिवस राहावं आणि म्हणावं, "तात्या, तुमचा मान मला हवा आहे, पण दुसऱ्याच्या दारातली पालखी अडवून नको." मुलानं समोर बसून हे म्हटलं तर बाप आधी चिडेल, दुपारी जेवायला बसणार नाही, आणि संध्याकाळी ओट्यावर येऊन विचारेल की गुरवांना कधी भेटायचं. यापेक्षा वेगळं घडलं तरी मुलानं ते बोलायलाच हवं.

पाय न ठेवण्याच्या हुकमाचं म्हणाल, तर तुम्ही जा. पण लपून जाऊ नका. मागच्या परसातून गेलात आणि कुणी पाहिलं तर ती वहीतली नवी नोंद होईल. निघण्याआधी तात्यांना सांगा, "मी देवाची ओटी भरायला जाते आहे. पालखी असेल तिथे मी जाणार." त्यांनी परवानगी द्यावी अशी वाट पाहू नका, ते देणार नाहीत. त्यांना फक्त आधी कळलेलं असावं. आणि ताटात ओटीबरोबर वरच्या घराच्या नावानं एक नारळ ठेवा. तो तुमच्या चुलतजावेनं घेऊन देवापुढे ठेवला की झालं, त्यावर बोलायची गरज नाही. दोघी मैत्रिणी आहात हे अख्ख्या गावाला माहीत आहे. गावी पोचल्यावर अनोळखी असल्यासारखं वागणं मुलांसमोर फार वाईट दिसतं. तुमच्या मुलानं आणि तिच्या मुलानं एका दांड्याला खांदा द्यायचा आणि त्यांच्या आयांनी एकमेकींकडे बघायचंही नाही, असला शिमगा कशासाठी करायचा?

तोरणांची चढाओढ चालू राहू द्या. 51 झाले, 101 झाले, उद्या 151 होतील. ते नारळ शेवटी गावच्या प्रसादातच जातात आणि त्यात कुणाचं काही जात नाही. बेंजो मात्र एकच ठेवा, दोन्ही घरांच्या वर्गणीतून. रात्री दहानंतर उघड्यावर ध्वनिक्षेपक लावायचा तर सरकारनं सूट दिलेला दिवस असावा लागतो, आणि वर्षातले असे दिवस मोजकेच असतात. नियमाचं हे कारण दोघांनाही सांगता येईल, म्हणजे कर्णा खाली उतरवताना कुणी हरल्यासारखं दिसणार नाही. गुरव गाऱ्हाणं घालतात तेव्हा गावानं "व्हय महाराजा" म्हणायचं असतं. गाऱ्हाणंच ऐकू आलं नाही तर गाव काय म्हणणार? तुमच्या पत्रातली मला सगळ्यात जास्त लागलेली गोष्ट तीच होती.

तपेल्याचा पोचा तांबटाकडून काढून घ्या, कल्हई करा आणि वापरात आणा. पत्रिकेचं आता काहीच करता येणार नाही. पुढचं लग्न घरात निघेल तेव्हा निमंत्रकांची यादी अण्णांना आधी दाखवा.

आता तिकिटं. रेल्वेचं आरक्षण आता 60 दिवस आधी उघडतं आणि शिमग्याच्या गाड्या पहिल्या काही मिनिटांत भरतात. यजमानांचं माघातलं तिकीट आजच काढा. शिमग्याची तिकिटं तुम्ही आणि चुलतजावेनं मिळून काढा, शक्य तर दोन्ही घरांची एकाच डब्यात, आणि मुलांची दोन दिवस आधीच्या गाडीची.